हौशी बँडमधल्या शिक्षकांबद्दल

हौशी बँडवरचा तुमचा लेख छान आहे, पण त्यात अमेरिकेतल्या कम्युनिटी बँडना, म्हणजे गावोगावच्या हौशी वादकांच्या बँडना, ‘निवृत्तांचा विरंगुळा’ म्हटलंय ते पटलं नाही. पेनसिल्व्हेनियातला ॲलनटाऊन बँड १८२८ पासून वाजतोय, नुसत्या विरंगुळ्यावर एवढं टिकत नाही.

मी न्यू जर्सीतल्या अशाच एका बँडमध्ये थर्ड क्लॅरिनेट, म्हणजे क्लॅरिनेट या फुंकून वाजवायच्या वाद्याची तिसरी ओळ, वाजवते. अशा कॉन्सर्ट बँडमध्ये फुंकून वाजवायची वाद्यं आणि तालवाद्यं मुख्य; व्हायोलिन नसतात, त्यांचा बराचसा भार आम्हा क्लॅरिनेटवाल्यांवर पडतो. माझ्या शेजारच्या बाई दिवसभर शाळेत मुलांना क्लॅरिनेट शिकवून संध्याकाळी तालमीला येतात. रीड (वाद्याच्या तोंडाशी लावायची पातळ पट्टी) तोंडात धरून ओली करता करता माझ्या नोटेशनवर पेन्सिलीने श्वासाच्या खुणा करून देतात. लांब ओळीत सगळ्यांनी एकदमच श्वास घेतला तर सूर तुटतो, म्हणून दोघींनी आळीपाळीने घ्यायचा. अशा गोष्टी शेजारी बसूनच कळतात, आणि म्हणूनच बँडमध्ये शिक्षक हवेत!

इंग्लिश संगीतकार गुस्ताव्ह होल्स्टही पेशाने शिक्षकच. लंडनला मुलींच्या शाळेत आणि मॉर्ली कॉलेजात प्रौढांना संगीत शिकवायचे, स्वतः ट्रॉम्बोन वाजवलेला माणूस. त्यांची १९०९ची ‘फर्स्ट स्वीट इन ई-फ्लॅट’ ही बँडसाठीची रचना आजही हौशी बँड हौसेने वाजवतात. सुरुवातीला ट्यूबा-युफोनियम ही मोठी पितळी वाद्यं खर्जात सूर धरतात तेव्हा खुर्चीसुद्धा थरथरते.

आपल्याकडे शाळेच्या बँडमध्ये ट्रम्पेट, ड्रम वाजवणारी कितीतरी मुलं दहावीनंतर वाद्य खाली ठेवतात ती कायमचीच. त्यांच्यासाठी आठवड्यातून एक संध्याकाळ शाळेचाच हॉल उघडता येईल का, यावरही जरूर लिहा.