शनिवारची रात्र, ६५० किलोहर्ट्झ

कंट्री म्युझिक, म्हणजे अमेरिकेतलं गावाकडच्या वळणाचं संगीत, वाजवणाऱ्या रेडिओ स्टेशनचा विषय निघाला की बोलणं गायकांपाशी आणि गाजलेल्या गाण्यांपाशी अडकतं. अमेरिकेत टेनेसी राज्यातल्या नॅशव्हिलचं, ६५० किलोहर्ट्झवर लागणारं डब्ल्यूएसएम हे या प्रकारातलं सगळ्यांत मोठं नाव. माझं ठाम मत आहे की त्याचा इतिहास मनोऱ्यापासून आणि घड्याळापासून सांगायला हवा. गाणी त्यानंतर.

५ ऑक्टोबर १९२५ ला हे स्टेशन सुरू केलं ते नॅशनल लाइफ अँड अ‍ॅक्सिडेंट या विमा कंपनीनं. डब्ल्यूएसएम ही अक्षरंही कंपनीच्या ‘वुई शील्ड मिलियन्स’ या घोषवाक्याची. कंपनीचे एजंट दारोदार फिरून छोट्या हप्त्यांच्या पॉलिसी विकत. शनिवारी रात्री घरात ज्यांचा कार्यक्रम वाजला, त्यांचाच माणूस पुढच्या आठवड्यात दारात उभा राहिला की बोलणं सोपं जाई. श्रोता कोण हे त्यामुळे लवकरच ठरलं: कष्टकरी, गावाकडचा, शेतावरचा.

शिकागोच्या डब्ल्यूएलएस स्टेशनवर ‘नॅशनल बार्न डान्स’ हा कार्यक्रम गाजवून आलेले निवेदक जॉर्ज डी. हे यांनी हा श्रोता ओळखला. २८ नोव्हेंबर १९२५ ला सत्याहत्तर वर्षांचे अंकल जिमी थॉम्पसन फिडल (म्हणजे व्हायोलिनच) घेऊन माइकसमोर बसले आणि शनिवारचा कार्यक्रम सुरू झाला. १९२७ च्या डिसेंबरात, अभिजात संगीताच्या कार्यक्रमाला लागूनच, जॉर्ज हे यांनी ‘ग्रँड ऑपेरा’ या शब्दांना गावरान वळण देऊन शनिवारच्या कार्यक्रमाला नाव दिलं: ग्रँड ओल ऑप्री. त्या रात्री या नावाआधी वाजला तो डीफोर्ड बेली यांचा माउथ ऑर्गन, धावत्या रेल्वेचा हुबेहूब आवाज काढणारा. बेली कृष्णवर्णीय होते आणि सुरुवातीच्या वर्षांत सर्वांत जास्त वेळा वाजवणाऱ्यांपैकी एक होते. १९४१ मध्ये त्यांना काढून टाकलं. कंट्री म्युझिकच्या हॉल ऑफ फेममध्ये त्यांचं नाव लागलं थेट २००५ मध्ये, त्यांच्या मृत्यूनंतर तेवीस वर्षांनी. या स्टेशनचं कौतुक करताना हा अन्याय गाळू नये.

आता मनोरा. १९३२ मध्ये स्टेशनची ताकद ५०,००० वॅट झाली आणि शहराबाहेर ब्रेंटवुडजवळ ८७८ फुटी मनोरा उभा राहिला. पोटाशी रुंद, दोन्ही टोकांना निमुळता, पतंगासारखा. मीडियम वेव्हमध्ये मनोऱ्यावर अँटेना बसवलेला नसतो, अख्खा मनोराच अँटेना असतो. म्हणून तो चिनी मातीच्या इन्सुलेटरवर उभा करतात आणि जमिनीत चहूबाजूंनी तांब्याच्या तारा पुरतात. या तारा गंजल्या, तुटल्या की ट्रान्समीटर तितकीच वीज खातो, पण आवाज लांब जात नाही.

६५० किलोहर्ट्झची तरंगलांबी सुमारे ४६१ मीटर. ८७८ फूट म्हणजे जवळपास २६८ मीटर, अर्ध्या लांबीपेक्षा बरेच जास्त. इथंच चूक निघाली. मनोरा प्रमाणाबाहेर उंच झाला की बराच जोर तिरका वर जातो. रात्री तो वातावरणाच्या वरच्या थरांवरून परत खाली येतो आणि जमिनीलगत आलेल्या लहरींना भिडतो. दोन्ही सारख्याच जोराच्या असतील तिथं आवाज कधी फुगतो, कधी बुडतो. हा फिका पट्टा स्टेशनच्या फार जवळ पडला, तर हक्काचाच श्रोता जातो. १९३९ मध्ये मनोरा सत्तर फुटांनी उतरवून ८०८ फुटांवर आणला, तो आजही तेवढाच आहे. उंची घटवून आवाज सुधारला, ही मला या इतिहासातली सर्वांत शहाणपणाची दुरुस्ती वाटते.

दिवसा वर जाणाऱ्या लहरी परत फिरण्याआधीच वाटेतल्या थरात विरतात, त्यामुळे दिवसाचं डब्ल्यूएसएम मुख्यतः आसपासच्या मुलखाचं. सूर्य मावळला की तोच आवाज शेकडो मैल जातो. आपल्याकडे रात्री ट्रान्झिस्टरवर लांबची आकाशवाणी केंद्रं लागतात, त्याचं कारण हेच. म्हणून मुख्य कार्यक्रम शनिवारी रात्री, आणि मध्यरात्रीनंतर निवेदक राल्फ एमरी यांचा कार्यक्रम. १९५७ पासून १९७२ पर्यंत तो ट्रकचालकांच्या सोबतीला होता. गायकही मध्यरात्री स्टुडिओत येऊन बसत.

ऑप्रीची पारंपरिक मांडणी नीट पाहण्यासारखी आहे. अर्ध्या अर्ध्या तासाचे भाग, प्रत्येकाला एक प्रायोजक आणि एक यजमान कलाकार. यजमान एक गाणं म्हणतो, मग पाहुण्यांना बोलावतो, त्यांना एकदोन गाणी, शेवट पुन्हा यजमानाचा. मंचावरची वाद्यं हलवायला वेळ लागतो. तेवढ्यात निवेदक बाजूच्या माइकवरून जाहिरात वाचतो, तीही प्रेक्षकांसमोर. त्यामुळे हवेत शांतता पडत नाही आणि जाहिरात कार्यक्रम तोडत नाही. रेडिओवर न दिसणारे नर्तकसुद्धा टाचांच्या ठेक्यावरून कळतात.

याहून मोठा परिणाम हजेरीच्या नियमाचा झाला. ऑप्रीच्या सदस्याला एके काळी वर्षातून २६ शनिवार यावंच लागे. मानधन फार नसे, पण पोस्टरवर ऑप्रीचं नाव असलं की गावोगावचे खेळ भरत. आठवडाभर दौरा आणि शनिवारी परत, म्हणजे बिऱ्हाड नॅशव्हिलमध्येच. वादक तिथं राहिले म्हणून रेकॉर्डिंग तिथं आलं. पहिल्या स्टुडिओंपैकी एक, कॅसल, डब्ल्यूएसएमच्याच तंत्रज्ञांनी काढला. ‘म्युझिक सिटी’ हे बिरुद १९५० मध्ये याच स्टेशनच्या निवेदकानं, डेव्हिड कॉब यांनी, बोलता बोलता दिलं. एका वेळापत्रकानं शहराचा धंदा ठरवला, असं मी म्हणतो ते यासाठी.

ठरलेली थोडी गाणी दर काही तासांनी फिरवणारी आणि निवेदन दुसऱ्या शहरातून आधीच रेकॉर्ड करून आणणारी स्टेशनं मला पटत नाहीत. त्यांना गाव नसतं. २००२ च्या सुमारास डब्ल्यूएसएमचं खेळांचं स्टेशन करण्याचा विचार मालकांनी केला, तेव्हा श्रोते आणि कलाकार उभे राहिले आणि तो बारगळला. मे २०१० च्या पुरात स्टुडिओत पाणी शिरलं, तेव्हा प्रसारण ब्रेंटवुडच्या मनोऱ्यापाशी हलवून चालू ठेवलं. मीडियम वेव्ह जुनाट म्हणून बंद करा म्हणणाऱ्यांनी हे लक्षात घ्यावं.

भारतातून हे इंटरनेटवर ऐकता येतं. नॅशव्हिलमध्ये शनिवारी संध्याकाळचे सात म्हणजे आपल्याकडे रविवारी सकाळचे साडेसहा, उन्हाळ्यात साडेपाच. ऐकाल तेव्हा दोन गाण्यांच्या मधल्या जागेकडे कान द्या: टाळ्या, वाद्यं जुळवल्याचा आवाज आणि निवेदकाची जाहिरात.