हा निव्वळ वेडेपणा नव्हता

‘नेरलांड्स होप’ या नेदरलँड्सच्या कॅबरे जोडीच्या कार्यक्रमांना एका लेखात ‘अर्थहीन धिंगाणा’ म्हटलंय, ते पटलं नाही. आपल्याकडे कॅबरे म्हटलं की हिंदी सिनेमातला नाच आठवतो. तिकडे कॅबरे म्हणजे गाणी, विडंबन आणि थेट बोलणं. फ्रेक दे योंगे आणि ब्राम फरम्यूलन या जोडीनं १९६८ ते १९७९ हेच केलं. फ्रेकची तुटक, सैरभैर बडबड आणि मध्येच ब्रामचा पियानो! (ब्राम राष्ट्रीय संघाचा व्हॉलीबॉलपटूही होता.) १९७८ मध्ये अर्जेंटिनात लष्करी हुकूमशाही असताना तिथल्या फुटबॉल विश्वचषकाला डच संघानं जाऊ नये म्हणून दोघांनी मोहीम काढली. संघ गेलाच, अंतिम सामनाही खेळला. पण अख्खा देश फुटबॉलवेडा असताना असं बोलायला केवढं धाडस लागलं असेल!