भा. रा. म्हणजे फक्त फास्टर फेणे नव्हे

बालसाहित्यिक भा. रा. भागवतांवरचा तुमचा लेख मनापासून आवडला. फक्त एक गोष्ट खटकली. जवळजवळ सगळा लेख त्यांच्या गोष्टींतल्या फास्टर फेणेनेच व्यापलाय, त्यातही अर्धा २०१७च्या सिनेमाने. फुरसुंगीचा बनेश म्हणजेच फास्टर फेणे, त्याची सायकल, त्याचं ते ‘ट्टॉक’, हे सगळं आमचंही लाडकं आहेच. पण ज्यूल व्हर्न या फ्रेंच विज्ञानकथाकाराला मराठी घरांत आणणारे भा. रा. एका ओळीत उरकलेत, याचं वाईट वाटलं.

आमच्या गावच्या वाचनालयात ‘मुक्काम शेंडेनक्षत्र’ची, म्हणजे व्हर्नच्या कादंबरीच्या त्यांनी केलेल्या भाषांतराची, एक प्रत होती. जाड दोऱ्याने शिवलेली, खाकी पुठ्ठ्याची, आणि शेवटची काही पानं गायब. धूमकेतूवर गेलेली माणसं परत पृथ्वीवर येतात की नाही, हे मला दोन वर्षांनी मामाकडच्या प्रतीत कळलं! तोवर रोज रात्री अंगणात खाटेवर पडून मी आकाशात शेंडेनक्षत्र शोधायचो. ‘धूमकेतू’पेक्षा ‘शेंडेनक्षत्र’ हा शब्द पोराच्या डोळ्यांपुढे लगेच उभा राहतो. शेंडी असलेलं नक्षत्र! भाषांतर करताना मुलांच्या तोंडचा शब्द निवडायचा, हे त्यांना नेमकं जमायचं.

भा. रां.च्याच बिपिन बुकलवारचा तर लेखात उल्लेखच नाही. पुस्तकांचं वेड असलेला मुलगा गोष्टीचा नायक होऊ शकतो, हे मला त्यानेच दाखवलं. मैदानावर शेवटी निवडला जाणारा मुलगा होतो मी. भा. रां.नी चालवलेल्या ‘बालमित्र’ मासिकाबद्दलही वाचायला आवडेल. पुढचा भाग लिहाच, वाट बघतोय.