रडायचं कधी ते म्युझिकने सांगू नये

परवा रात्री एलेनी कराइंद्रू लावून बसलो होतो तर आई दारात येऊन म्हणते, कोण गेलं रे? म्हटलं कोणी नाही गं, ग्रीक बाई आहे, सिनेमाला म्युझिक देते. "मग सिनेमात कोण गेलं?" आता काय सांगणार, ग्रीक दिग्दर्शक थिओ अँजेलोपुलसच्या पिक्चरमध्ये कोणी ना कोणी जातंच, गाव सोडून नाहीतर देश सोडून.

ग्रीक म्युझिक म्हटलं की आपली गाडी व्हँजेलिसवर थांबते. मोठाच माणूस, वाद नाही. पण ही बाई बघा, १९४१ चा जन्म, डोंगरातलं गाव, लहानपणीचे आवाज म्हणजे वारा आणि छपरावरचा पाऊस. मग अथेन्सला आले तर घराला लागूनच ओपन एअर थिएटर, खिडकीत बसून फुकट पिक्चर! पुढे पियानो, इतिहास, लष्करी राजवटीत पॅरिसला जाऊन लोकसंगीताचा अभ्यास, १९७४ ला परत. १९८२ ला थेस्सालोनिकीच्या फेस्टिव्हलमध्ये हिला बक्षीस मिळालं आणि ज्युरीचा अध्यक्ष कोण, तर अँजेलोपुलस. झालं. तिथून २००८ पर्यंत त्याचे आठ पिक्चर हिचेच.

'युलिसिस गेझ' (१९९५) मधला तो लेनिनचा सीन आठवा. तुकडे केलेला अवाढव्य पुतळा, तराफ्यावर आडवा, डॅन्यूबमधून चाललाय, हाताचं बोट आभाळाकडे, आणि काठावरची माणसं धावत येऊन गुडघे टेकतायत, छातीवर क्रॉस करतायत. आपल्याकडे इथे कोरस घातला असता, वर ढोल. ही व्हायोला घेते, म्हणजे व्हायोलिनची जाड आवाजाची बहीण, किम काश्काशियन वाजवते, तेच चार सूर फिरून फिरून येतात आणि लेनिन गेला म्हणून रडायचं की सुटलो म्हणून हसायचं हे ती शेवटपर्यंत सांगत नाही. मला हेच आवडतं बाईचं. हल्लीच्या पिक्चरमध्ये हिरॉइनचा डोळा ओला व्हायच्या आधी व्हायोलिनं सुरू होतात राव, प्रेक्षकाला काय बाळ समजता का?

एकच चाल घोळवते असं म्हणणारे आहेत, थोडं खरंही आहे, सलग तीन अल्बम मलाही झेपत नाहीत.

२०१२ च्या जानेवारीत शूटिंग चालू असताना मोटारसायकलच्या धडकेत अँजेलोपुलस गेला, पिक्चर अर्धाच राहिला. बाई नंतरही नाटकांना म्युझिक देत राहिली.

आईचं म्हणणं एवढंच, हे ऐकायचं तर दार लावून ऐक, शेजारचे भेटायला येतील.