मॉरिशसला कुणी काही आयतं दिलं नाही

सकाळी फॅमिली ग्रुपवर कुणाचे तरी मॉरिशसचे फोटो आले आणि त्याखाली एका काकांचा मेसेज, "इंग्रजांनी जाताना सगळं आयतं दिलं यांना." डोकंच फिरलं. काकांना तिथे उलटं बोलवेना, म्हणून इथे लिहितेय.

आम्ही मॉरिशसला गेलो होतो तेव्हा कास्कावेल गावात एक आजी भेटल्या. तिथे पुष्कळ मराठी घरं आहेत, पणजोबा-खापरपणजोबा उसाच्या मजुरीला गेलेली. आजी बोलायच्या क्रेओल, म्हणजे तिथली बोली, पण गणपतीची आरती तोंडपाठ. त्यांचं बोलणं नात समजावून सांगत होती आम्हाला. उसाच्या शेतात काळ्या दगडांचे मोठमोठे ढीग दिसतात ना, तिकडे बोट दाखवून म्हणाल्या, हे माझ्या बापाने वेचलेत.

12 मार्च 1968 ला देश स्वतंत्र झाला तेव्हा बेटभर ऊस, निर्यात म्हणजे जवळपास सगळी साखरच, आणि रोजचा तांदूळ मात्र बोटीने यायचा. बोटीला उशीर झाला की आई भात मोजून वाढायची, हेही आजींनीच सांगितलं. 1960 च्या कॅरोल वादळात त्यांचं घर गेलेलं. जानेवारी 68 मध्ये पोर्ट लुईसला दंगल झाली, ब्रिटिश सैनिक बोलवावे लागले, आणि 67 च्या निवडणुकीत तर साधारण 44 टक्के मतं स्वातंत्र्य नको म्हणणाऱ्यांना पडली होती, म्हणजे शेजारीच शेजाऱ्याला घाबरलेला. हे आयतं?

हो, रस्ते, कोर्टं इंग्रजांच्या काळातली, मान्य. आणि स्वतंत्र मॉरिशसचे पहिले पंतप्रधान रामगुलाम, त्यांच्या सरकारनेही पुढे आणीबाणी लावली, निवडणूक 1976 पर्यंत लांबवली, ते चूकच. पण त्याच लोकांनी 1970 मध्ये निर्यातीच्या कारखान्यांसाठी कायदा केला, कपडे शिवायला बायका घराबाहेर पडल्या, आजींची मुलगीसुद्धा.

आणि मॉरिशसला जोडलेली शागोस बेटं? स्वातंत्र्याआधीच, 1965 मध्ये, इंग्रजांनी ती तोडून घेतली, 30 लाख पौंड देऊन. मॉरिशसच्या पुढाऱ्यांनी होकार दिला होता, ठीक आहे, पण स्वातंत्र्य ज्याच्या हातात आहे त्याला नाही कोण म्हणेल? मग त्यातल्याच दिएगो गार्सिया बेटावर अमेरिकेचा लष्करी तळ, आणि तिथल्या माणसांना बोटीत भरून बाहेर काढलं. घरं, कबरी, सगळं मागे. 2019 मध्ये आंतरराष्ट्रीय न्यायालयाने हे तोडणं बेकायदा म्हटलं, तोवर किती म्हातारे पोर्ट लुईसच्या झोपड्यांत वाट बघत गेले. लिहिताना हात थरथरतोय माझा.

निघताना आजींनी भात वाढला. थोडाच घ्या म्हटलं मी, तर नातीने हळूच सांगितलं, त्यांच्यासमोर भाताला नाही म्हणू नका.