मुलांच्या चित्रपटातले मोठ्यांचे विनोद

मुलांच्या ॲनिमेशनपटांत मोठ्यांसाठी पेरलेल्या विनोदांचे हल्ली फार कौतुक होते. मात्र असा प्रत्येक विनोद म्हणजे लेखकाची हुशारीच, हे मला मान्य नाही. माझ्या मते खरा विनोद तो, ज्यावर मूल आणि त्याचे आईबाप एकाच क्षणी हसतात, मग दोघांच्या हसण्याची कारणे निराळी का असेनात.

‘श्रेक’ (२००१) या चित्रपटात बुटक्या लॉर्ड फारक्वाडचा गगनाला भिडणारा किल्ला पाहून श्रेक विचारतो, की हा गृहस्थ कसली तरी उणीव भरून काढत असावा का? विचारून तो स्वतःच हसतो, पण शेजारच्या गाढवाच्या डोक्यात काहीच शिरत नाही. थिएटरातल्या मुलांची अवस्था नेमकी त्या गाढवासारखी होते. आपल्याला हसू आवरत नाही आणि “काय झालं?” या प्रश्नाला “किल्ला बघ केवढा मोठा आहे” असे म्हणून वेळ मारून न्यावी लागते. विनोद वाईट नाही, पण तो मुलाच्या डोक्यावरून मोठ्यांना मारलेला डोळा आहे.

तिकीट काढणारा आणि नंतर तोच चित्रपट घरी पुन्हा पुन्हा सोसणारा पालक कंटाळू नये, हा यामागचा सरळ व्यवहार आहे आणि त्याबद्दल माझी तक्रार नाही. शिवाय ही परंपरा जुनी आहे. बग्ज बनीचे लघुपट १९४०च्या दशकात चित्रपटगृहांत मुख्य चित्रपटाच्या आधी, सर्व वयाच्या प्रेक्षकांसमोर दाखवले जात, त्यामुळे त्यांत लपवण्यासारखे काही नव्हतेच. पुढे दूरचित्रवाणीने ते मुलांच्या वेळेत नेऊन बसवले.

‘अलादिन’मध्ये (१९९२) रॉबिन विल्यम्सचा जिनी ग्राउचो मार्क्सपासून जॅक निकल्सनपर्यंत अनेकांच्या नकला करतो. अमेरिकी पालकांना त्यात गंमत वाटली असेल, पण त्यातल्या बऱ्याच नकला कुणाच्या आहेत, हे आपल्याकडच्या मोठ्या माणसांनाही कळले नाही. तरी जिनीचे रूप क्षणोक्षणी पालटते, त्यामुळे मुले खूश आणि गोंधळलो ते आपण!

माझ्या कसोटीला पुरेपूर उतरतो तो ‘झूटोपिया’मधला (२०१६) वाहन परवाना कार्यालयाचा प्रसंग. तपासासाठी जेमतेम ४८ तास मिळालेली ससुली पोलीस एका गाडीचा क्रमांक घेऊन तिथे पोहोचते, तर प्रत्येक खिडकीमागे स्लॉथ, म्हणजे अतिशय संथ चालीचा प्राणी, बसलेला. फ्लॅश नावाचा कारकून एकेक अक्षर दाबतो, आणि आता काम होणार असे वाटते तोच तिचा जोडीदार निक मुद्दाम त्याला एक विनोद ऐकवतो. तो विनोद फ्लॅशच्या मेंदूपर्यंत पोहोचून चेहऱ्यावर हसू पसरेपर्यंत जो वेळ जातो, त्यावर मूल पोट धरून हसते. एवढ्यावर न थांबता फ्लॅश सावकाश मान वळवून शेजारणीला तोच विनोद सांगायला घेतो आणि ही दोघे बाहेर पडतात तेव्हा रात्र झालेली असते. आरटीओच्या खिडकीसमोर ज्याने “साहेब जेवायला गेलेत” हे उत्तर ऐकले आहे, त्याला हा प्रसंग समजावून सांगावा लागत नाही. मुलाला संथपणाचे हसू येते, तर आपल्याला स्वतःच्या असहायतेचे, पण कुणाची नजर चुकवावी लागत नाही.

‘इनसाइड आउट’मध्ये (२०१५) याच जातीचा एक विनोद आहे. एका मुलीच्या मनात धावणाऱ्या विचारांच्या आगगाडीत तथ्ये आणि मते भरलेल्या पेट्या कलंडतात, दोन्ही प्रकारचे तुकडे एकमेकांत मिसळतात आणि हे तर दिसायला सारखेच आहेत म्हणून जॉय, म्हणजे तिच्या मनातली आनंदाची भावना, धास्तावते. त्या मुलीचा काल्पनिक मित्र बिंग बाँग जॉयला सांगतो, की काळजी करू नकोस, असे नेहमीच होते. मुलांना सांडलवंड आणि त्याचा निर्धास्तपणा आवडतो. मला मात्र आमच्या कुटुंबाचा व्हॉट्सॲप ग्रुप आठवतो, जिथे ही पेटी रोज सकाळी कलंडते आणि भरताना कुणी वेगळे करण्याची तसदीही घेत नाही.