आबा झोपलेत

मुलांना मृत्यूबद्दल स्पष्ट सांगावं, असं एका लेखात वाचलं आणि पटलं. आमच्याकडे नेमकं उलट झालं. सासरे गेले तेव्हा लेक ५ वर्षांची. आल्यागेल्या सगळ्यांनी तिला सांगितलं, "आबा झोपलेत." पुढे महिनाभर ती रात्री झोपायलाच तयार नसे. मी दुपारी जरा डोळा लावला की बोटांनी माझ्या पापण्या उघडून बघायची! शेवटी मटार सोलता सोलता सांगितलं, आबांचं हृदय बंद पडलं, ते आता परत येणार नाहीत. (नुसतं 'आजारी होते' म्हणू नका, साध्या सर्दीलाही पोर धास्तावतं.) ती रडली, मीही रडले. मग नाक पुसत म्हणाली, "मग त्यांचा चष्मा कोणाचा?" सध्या तो तिच्या दप्तरात असतो.